घोडनदीचे ऋण

सज्जनहो, पंढरीची वारी करून घरी परतणारा वारकरी तीन वस्तू हटकून बरोबर आणतो : बुक्का, प्रसादाचे चुरमुरे आणि बाटलीत भरलेले चंद्रभागेचे पाणी. ते पाणी तो देवघरात ठेवतो, घरात शिंपडतो, आजाऱ्याच्या ओठाला लावतो. यात गैर काही नाही. हे प्रेमाचे लक्षण आहे. परंतु शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांतून कीर्तन-प्रवचनाच्या निमित्ताने वर्षानुवर्षे हिंडत असता आमच्या मनात एक प्रश्न ठाण मांडून बसला आहे. त्या बाटलीतले पाणी आले कोठून? त्यातले काही थेंब त्या वारकऱ्याच्या स्वतःच्या गावावरूनच वाहत गेलेले असतात. तेव्हा त्याने त्यांना हात जोडले नाहीत. उलट त्यात गुरे धुतली, ट्रॅक्टर धुतला, नको ते टाकून दिले. मग हे पाणी पवित्र झाले ते नेमके कोठे? दौंडला, उजनीला, की पंढरीच्या वेशीवर?

प्रश्न वरवर पोरकट वाटेल. पण थोडा विचार केला तर तो आपल्या साऱ्या धर्मबुद्धीची परीक्षा घेणारा आहे. थोरामोठ्यांना नमस्कार कोणीही करतो. लहानाशी आपण कसे वागतो यावरून मनाची पारख होते. म्हणून या लेखात आम्ही गंगेचे अगर गोदेचे माहात्म्य सांगणार नाही. आमच्या रोजच्या येण्याजाण्यातली जी एक लहानशी घोडनदी, तिच्याबद्दलच चार शब्द बोलू.

प्रथम तिची ओळख करून घेऊ. घोडनदी उगम पावते सह्याद्रीत, आंबेगाव तालुक्याच्या पश्चिम टोकाला, आहुप्याच्या डोंगराळ मुलखात. हा मुलूख भीमाशंकराच्या उत्तरेला अगदी लागून आहे, आणि भीमाशंकर म्हणजे भीमेचे माहेर. म्हणजे घोड आणि भीमा या एकाच डोंगराच्या अंगणात जन्मलेल्या दोन बहिणी. जन्मल्यावर मात्र दोघींनी दोन वाटा धरल्या. घोड डिंभ्यावरून, घोडेगावावरून पूर्वेला निघाली. वाटेत जुन्नरकडून येणारी मीना तिला मिळाली. कुकडीही तिलाच मिळाली. ही कुकडी चावंड किल्ल्याजवळच्या कुकडेश्वरापाशी उगम पावते आणि टाकळी हाजी व निघोज या गावांमध्ये काळ्या पाषाणात ते प्रसिद्ध रांजणखळगे कोरते. ते खळगे ज्यांनी पाहिले नसतील त्यांनी एकदा जाऊन पाहावेत. पाण्याच्या भोवऱ्यात सापडलेला लहानसा गोटा गरगर फिरतो, आणि हजारो वर्षांत अखंड कातळाला रांजणाएवढा खळगा पाडतो. नामस्मरणाला याहून चांगला दृष्टांत आम्हांस तरी ठाऊक नाही.

पुढे घोड शिरूर गावाच्या कुशीतून जाते. शिरूरला आजही कित्येक म्हातारी माणसे नुसते 'घोडनदी' म्हणतात. नदीचे नाव गावाला मिळाले इतका तिचा त्या गावाशी संबंध. तिथून चिंचणीचे धरण ओलांडून, इनामगावाला वळसा घालून, ती दौंडच्या वरच्या अंगाला भीमेला मिळते. तोवर भीमा एकटी राहिलेली नसते. तुळापूरला आळंदी-देहूची इंद्रायणी तिला भेटलेली असते. रांजणगाव सांडसापाशी पुण्याहून आलेली मुळा-मुठा तिच्यात उतरलेली असते. मग ही घोड येते. पुढे उजनीचा मोठा जलाशय, त्याच्या खाली नीरेचा संगम, आणि मग पंढरी. तेथे नदीला अर्धचंद्राचे वळण पडते आणि तीच भीमा चंद्रभागा होते.

येथे पूर्वपक्ष उभा राहतो. तो म्हणतो, "बुवा, संगम झाल्यावर घोड उरली कोठे? तीर्थ ते चंद्रभागा. वाटेतले ओढे-नाले कोणी मोजावेत? शास्त्रात ज्या नद्यांची नावे आहेत त्याच पवित्र."

याला उत्तर शास्त्रातूनच देऊ. स्नानाच्या वेळी आपण ज्या सात नद्यांना आपल्या तांब्यातल्या पाण्यात बोलावतो, त्या म्हणजे गंगा, यमुना, गोदावरी, सरस्वती, नर्मदा, सिंधू आणि कावेरी. मोजून पाहा. त्यांत भीमा नाही! विष्णुपुराणात सह्याद्रीच्या पायथ्याशी उगम पावणाऱ्या नद्यांत भीमरथी म्हणून तिचे नाव येते, हे खरे. पण सप्तनद्यांच्या मानाच्या पंगतीत तिला पाट मांडलेला नाही. म्हणून काय वारकऱ्याने चंद्रभागेला कमी लेखले? ज्या नदीच्या काठी पुंडलिकाने आईबापांची सेवा केली, ती नदी त्याने सर्व तीर्थांच्या वर नेऊन बसविली. याचा अर्थ स्पष्ट आहे. आपल्या संप्रदायात तीर्थाचा मोठेपणा यादीवरून ठरलेला नाही. काठावर माणूस कसा वागला त्यावरून तो ठरला.

आणखी पाहा. ज्ञानोबारायांची पालखी नीरा ओलांडते तेव्हा माउलींच्या पादुकांना नीरेचे स्नान घालतात. तुकोबारायांच्या पादुकांनाही नीरास्नान होते. नीरा काही सप्तनद्यांत नाही. तरीही आपल्या वडीलधाऱ्यांनी वाटेत भेटलेल्या नदीचा असा मान राखला. वाट अडवणारे पाणी म्हणून तिच्याकडे कोणी पाहिले नाही.

मुळात 'तीर्थ' हा शब्दच पाहा. 'तृ' म्हणजे तरणे, या धातूपासून तो झाला. नदीत उतरण्याची, पाण्यातून पलीकडे जाण्याची जी जागा, ती तीर्थ. आपण बोलीत जिला 'उतार' म्हणतो तीच. माणूस जेथे नदीपाशी खाली वाकतो, पाय भिजवतो, ओंजळ भरतो, पलीकडे जातो, ती जागा तीर्थ. मग शिरूर-दौंडातल्या प्रत्येक गावाचा जो पाणवठा, जो घाट, तो शब्दार्थाने तीर्थच ठरतो. चंद्रभागेला तीर्थ म्हणावे आणि घोडीच्या घाटाला उकिरडा करावे, हे व्याकरणालाही धरून नाही आणि धर्मालाही नाही.

ही झाली शास्त्राची बाजू. आता या लहान नदीचा इतिहास सांगू. तो ऐकला की तिला लहान म्हणण्याची आपली जीभ अडखळेल.

ज्या काळ्या कातळावरून घोड आणि कुकडी वाहतात तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारस थिजून झालेला, असे भूशास्त्रज्ञ सांगतात. कुकडीच्या काठी, जुन्नर तालुक्यातील बोरी येथे नदीच्या गाळात ज्वालामुखीच्या राखेचा एक थर सापडला आहे. ही राख आपल्याकडची नव्हे. ती सुमात्रा बेटावरच्या तोबा ज्वालामुखीची असावी असे अनेक विद्वान मानतात, तिच्या वयाबद्दल मात्र त्यांच्यात मतभेद आहेत. त्याच परिसरात अश्मयुगीन माणसाची दगडी हत्यारे मिळाली. कोठे सुमात्रा आणि कोठे बोरी! समुद्रापलीकडची राख आपल्या ओढ्याकाठी येऊन निजली आहे. या खोऱ्यात माणसाचा वावर किती जुना, याची एवढ्यावरून कल्पना यावी.

पण आमचे मन जेथे खरोखर गुंतले ती जागा याच्या पुष्कळ अलीकडची आणि पुष्कळ जवळची. ती म्हणजे शिरूर तालुक्यातले इनामगाव. घोडीच्या उजव्या तीरावर या गावाजवळ पांढरीची टेकाडे आहेत. पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या पुरातत्त्ववेत्त्यांनी १९६८ पासून १९८३ पर्यंत तेथे उत्खनन केले. डॉ. ह. धी. सांकळिया, डॉ. म. के. ढवळीकर आणि डॉ. झेड. डी. अन्सारी ही त्यातली प्रमुख मंडळी. हाताने, कुंच्याने, थरामागून थर माती बाजूला करीत त्यांनी शंभरांहून अधिक घरे उजेडात आणली. जळक्या कोळशाच्या तपासणीवरून त्यांनी काळ ठरविला : इसवी सनापूर्वी सुमारे १६०० ते ७००. म्हणजे जवळजवळ नऊशे वर्षे त्या एका जागी माणसे नांदली. ज्ञानेश्वरी शके १२१२ मध्ये, इसवी सन १२९० मध्ये झाली. तिला अजून साडेसातशे वर्षेही पुरी झालेली नाहीत. यावरून नऊशे वर्षांचा काळ किती मोठा तो मनात आणावा.

हे लोक शेतकरी होते. जव हे त्यांचे मुख्य पीक. मसूर, हुलगा, वाटाणा हेही ते पिकवीत. गाईबैल पाळीत. मातीच्या बुटक्या भिंतींची चौकोनी घरे बांधीत. तांबड्या मडक्यांवर काळ्या रंगाने नक्षी काढीत. वरून पाऊस बेताचाच. आजही शिरूर-दौंडच्या पठारावर वर्षाकाठी सरासरी वीस इंचांच्या आसपासच पाऊस पडतो. पण घोड डोंगरातून येते आणि डोंगरात धो धो कोसळते. तेव्हा आपल्या रानात न पडलेला पाऊस नदी त्यांच्या दारात आणून देई. ते पुराचे पाणी वळवावे म्हणून त्यांनी पाट खणला. त्या पाटाची लांबी दोनशे मीटरांहून अधिक भरली, आणि त्याच्या कडेला दगडमातीचा बांध. लोखंडाचे फावडे नाही, कुदळ नाही. हे काम एका घरचे नव्हे. गावाने एकत्र येऊन केलेले आहे. वस्तीच्या मधोमध पाच खोल्यांचे एक मोठे घर सापडले आणि त्याच्याजवळ धान्याच्या कोठारासारखी वास्तू. ते गावच्या प्रमुखाचे घर असावे आणि कोठारात गावाचे धान्य साठत असावे, असा उत्खननकर्त्यांचा तर्क आहे.

सज्जनहो, आता त्यांच्या मरणाची गोष्ट ऐका. त्या गावात मूल मेले तर त्याला दोन मडक्यांत ठेवीत. दोन्ही मडक्यांची तोंडे एकमेकांना जोडीत आणि घराच्या जमिनीखालीच खड्डा करून ती आडवी पुरीत. वर पुन्हा सारवण, चूल, संसार. मोठे माणूस गेले तर तेही घराखालीच पुरीत, उशाला उत्तर दिशा, जवळ पाण्याची-अन्नाची भांडी. आणि पाय घोट्याच्या वर तोडून टाकीत. का? मेलेल्याने घर सोडून जाऊ नये, भटकू नये, म्हणून असावे, असे विद्वान म्हणतात. एक पुरुष मात्र निराळा निघाला. पाच खोल्यांच्या त्या घराच्या अंगणात चार पायांच्या मोठ्या रांजणात तो बसविलेला होता, आणि त्याचे पाय शाबूत होते.

त्यांचा देवही सापडला. एका घराच्या जमिनीखाली मातीची एक झाकणाची पेटी, आत कच्च्या मातीची मस्तकहीन स्त्रीमूर्ती आणि एक बैल. मूर्तीच्या पोटाला आणि बैलाच्या पाठीला बारीक छिद्र, काडी घालून देवीला बैलावर उभी करता यावी म्हणून. पेटीच्या झाकणावर आणखी एक स्त्रीमूर्ती. कोणा आईने लेकरासाठी केलेला तो नवस असेल काय? त्यांची भाषा आपल्याला ठाऊक नाही, देवीचे नाव ठाऊक नाही. पण जमीन सारवताना त्या आईच्या हाताखाली काय होते ते मात्र आपल्याला ठाऊक आहे.

येथे दुसरा पूर्वपक्ष उठतो. "असतील कोणी जुने लोक. त्यांना विठ्ठल माहीत नाही, वेद माहीत नाही, मेलेल्याचे पाय तोडणारे ते. त्यांचा-आमचा काय संबंध?"

या शंकेचे समाधान दोन प्रकारे करता येते. एक असे की संबंध शोधायला फार दूर जावे लागत नाही. जेथे ज्ञानोबारायांनी गीतेवरचे निरूपण सांगितले ते नेवासे प्रवरेच्या काठी आहे. तेथे १९५४ ते १९५६ या काळात सांकळियांनी उत्खनन केले तेव्हा याच जातीच्या लोकांची वस्ती, अशीच मडकी, अशीच मुलांची दफने सापडली. म्हणजे ज्या मातीवर आपला ग्रंथराज उभा राहिला तिच्या पोटातही हीच माणसे निजली आहेत. माउलींनी शेवटी जे मागणे मागितले ते सगळ्या प्राणिमात्रांसाठी. त्यात काळाची अट घातलेली नाही.

दुसरे असे. पाठशाळेत असताना आम्हांला तर्पण शिकविले. आपले वडील, आजोबा, पणजोबा, आईकडचे, गुरू, मित्र अशी नावे घेऊन पाणी द्यायचे. आणि शेवटी ज्यांना कोणी नाही, ज्यांचे गोत्र कोणाला आठवत नाही, त्यांच्यासाठीही एक ओंजळ सोडायची. लहानपणी आम्ही ती ओंजळ घाईने सोडून मोकळे होत असू. इनामगावची हकीकत वाचल्यापासून ती ओंजळ कोणासाठी आहे ते आम्हांला कळू लागले. त्या दोन मडक्यांतल्या बाळाला आज पाणी देणारे कोणी नाही. पण ज्या नदीचे पाणी पिऊन त्याची आई जगली त्याच नदीचे पाणी आपल्या ओंजळीत आहे. याहून जवळचे नाते ते कोणते?

आता या लोकांचे पुढे काय झाले ते सांगू, कारण बोध त्यातच आहे. इसवी सनापूर्वी सुमारे १००० नंतर दिवस पालटले. हवामान रुक्ष होत गेले, पाऊस घटला, असे उत्खननकर्त्यांचे मत आहे. मोठी चौकोनी घरे गेली. त्यांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या. शेती खालावली, गुरांमागे हिंडणे आणि शिकार वाढली. आणि इसवी सनापूर्वी सुमारे ७०० मध्ये ते गाव ओस पडले. शेवटच्या दिवशी कोणी कोणाला हाक मारली, कोण मागे वळून पाहत गेले, ते माती सांगत नाही. ज्यांनी आपले मेलेले घर सोडून जाऊ नयेत म्हणून एवढी खटपट केली, त्या जित्या माणसांनाच घर सोडून जावे लागले.

कोणी कीर्तनकार उठून म्हणेल, त्यांच्या पापाचे हे फळ. आम्ही तसे म्हणणार नाही. पाऊस रुसला हा त्यांचा अपराध नव्हता. त्यांनी पाट खणला, बांध घातला, हातून होईल ते केले, आणि तरी हरले. हरलेल्याला पापी ठरविणे हा आपल्या संतांचा मार्ग नव्हे. परंतु याच ठिकाणी आपली मान खाली जायला हवी. त्यांचे पाणी आभाळाने नेले. आमच्याकडे आज पाणी कमी पडते ते सगळे आभाळच नेते काय?

आज घोडीवर डिंभ्याचे धरण आहे, चिंचणीचे आहे. कुकडीवर, मीनेवर धरणे आहेत. कालवे रानोमाळ फिरले आहेत. ऊस उभा आहे. हे सारे वाईट असे आमचे म्हणणे नाही; दुष्काळात पाला खाऊन दिवस काढलेली माणसे आम्ही पाहिली आहेत, आणि पाणी आल्यावर त्यांच्या नातवंडांच्या अंगावर चढलेले तेजही पाहिले आहे. पण या पाण्याची किंमत कोणी दिली? ज्या आंबेगावाचे नाव तालुक्याला आहे ते मूळ आंबेगाव डिंभ्याच्या पाण्याखाली गेले. त्या जलाशयाला हुतात्मा बाबू गेनूचे नाव दिले आहे. तो याच तालुक्यातल्या महाळुंगे पडवळचा, परदेशी मालाच्या गाडीपुढे १२ डिसेंबर १९३० रोजी मुंबईत त्याने प्राण दिला. तेव्हा कालव्याची मोरी उघडताना आपल्या रानात जे पाणी येते त्याखाली कोणाची तरी चूल बुडालेली आहे, एवढे स्मरण ठेवायला हवे.

एका गावी कीर्तन झाल्यावर मंडळी ओट्यावर बसली होती. पाण्याचा विषय निघाला. एक तरुण म्हणाला, "महाराज, मोटर माझी, पाइप माझा, लाइटबिल मी भरतो. मग नदीतलं पाणी मी उपसलं तर कुणाचं काय गेलं?" आम्ही उत्तर शोधीत होतो, तोच कोपऱ्यातून एक म्हातारबाबा बोलले, "पोरा, तू सप्त्याच्या पंगतीला बसतोस ना? वाढपी बुंदीची पाटी घेऊन आला म्हंजे पहिल्या पानावरच समदी पाटी पालथी करतो का? त्याला शेवटच्या पानापातुर जायाचं आसतं. पहिल्या पानावर बसलेल्यानं हात आडवा करून 'बास' म्हणायचं आसतं. तवा पंगत उठती." तरुण हसला, आम्हीही हसलो. पण त्या रात्री आम्हांला झोप लागली नाही. वर्षानुवर्षे ग्रंथ वाचून जे नेमके सापडले नव्हते ते त्या बाबांनी एका वाक्यात सांगितले.

नदी ही पंगत आहे. आहुप्याचा माणूस पहिल्या पानावर बसला आहे, घोडेगावचा दुसऱ्या, शिरूरचा मधल्या, दौंडचा पुढच्या. आणि शेवटच्या पानावर कोण बसले आहे? पंढरीच्या वाळवंटात आषाढीला उभे असलेले लाखो वारकरी. त्यांच्या स्नानापुरते पाणी चंद्रभागेला असावे म्हणून उजनीतून ते सोडावे लागते. आम्ही वर हात आडवा केला नाही तर खाली देवाच्या दारी पान कोरडे राहते. आणि आम्ही वर जे घाण करून पाठवतो तेच आमची आई खाली ओंजळीत घेऊन डोळ्यांना लावते. यात रूपक काही नाही. पाणी उतारावरून वाहते, एवढीच साधी गोष्ट आहे.

आणि ही पंगत नुसती वरून खाली बसलेली नाही. ती मागून पुढेही बसली आहे. पहिल्या पानावर इनामगावची ती माणसे होती. त्यांनी नऊशे वर्षे या नदीचे खाल्ले आणि नदी आपल्यासाठी जशीच्या तशी ठेवून गेली. मग आपण बसलो. आपल्या मागून कोण बसणार ते अजून जन्मलेले नाहीत. त्यांना आपल्यासारखे 'वाढा' म्हणून ओरडता येत नाही. म्हणूनच त्यांच्या वाटणीची चिंता आपणच वाहायची असते.

शेवटचा एक आक्षेप राहिला : "एकट्याने काय होणार? धरणे सरकारची, वाळूचे धंदे पैसेवाल्यांचे. आम्ही टाळकरी माणसे काय करणार?" सज्जनहो, कुकडीतला तो गोटा विसरू नका. कातळापुढे तोही एकटाच असतो. पण तो थांबत नाही. आणि आपल्या हातात काहीच नाही असेही नाही. आम्हांला दशक्रियेच्या प्रवचनाला पुष्कळदा घोडीच्या, भीमेच्या घाटावर बसावे लागते. तेथे काय दिसते? गेलेल्या माणसाचे अंथरूण, कपडे, औषधांच्या बाटल्या, प्लास्टिकच्या पिशव्या, सारे नदीत. पिंडाला कावळा शिवावा म्हणून आपण हात जोडून उभे, आणि पाठीमागे नदी गुदमरते आहे. इनामगावचा माणूस आपल्या मेलेल्याला घराखाली ठेवी. त्याचा भार त्याने नदीवर घातला नाही. आपण आपल्या मेलेल्यांची अडगळ नदीच्या गळ्यात बांधतो आणि त्यालाच धर्म म्हणतो. हा धर्म कोणत्या ग्रंथात आहे? अस्थी, तीळ, पाणी इतके शास्त्राने सांगितले. गादी-उशी शास्त्राने सांगितलेली नाही.

म्हणून आम्ही एवढेच सुचवितो. ज्या गावात सप्ताह होतो, दिंडी निघते, तेथल्या माळकऱ्यांनी आपल्या नदीचा उतार आपल्याकडे घ्यावा. महिन्याला दोन एकादश्या येतात. पोटाला जसा त्या दिवशी विसावा देतो तसा नदीलाही द्यावा. त्या दिवशी तिच्यात काही टाकू नये, आणि सकाळी टाळ हाती घेण्यापूर्वी घटकाभर खराटा हाती घ्यावा. दहाव्याला जमलेल्या भाऊबंदांना प्रवचनकाराने स्पष्ट सांगावे की मृताचे कपडे गरजवंताला द्या, नदीला नको. ज्याची मोटर आहे त्याने पंगतीतला शेवटचा माणूस आठवावा आणि योग्य वेळी हात आडवा करावा. वारीला निघताना प्रस्थान आपल्या गावच्या पाण्याला नमस्कार करून ठेवावे, आणि तर्पण करणाऱ्याने शेवटची ओंजळ घाईने सोडू नये.

हे घडले तर बाटलीतले पाणी कोठे पवित्र झाले हा प्रश्नच उरणार नाही. ते डोंगरातून निघाले तेव्हाही पवित्रच होते. नदी आपल्याला तारते ती पुढे केव्हातरी, परलोकी. पण आज तिला मळवायचे की निर्मळ ठेवायचे हे आपल्या हातात आहे. विठ्ठल विटेवर उभा आहे तो पुंडलिकाची सेवा पुरी होईपर्यंत वाट पाहत. आपल्या दारातल्या या थोरल्या आईची सेवा राहिली असेल तर ती करून यावे. देव तोवर थांबेल. थांबणे हाच त्याचा स्वभाव आहे.

रामकृष्ण हरि.